दातांच्या डॉक्टरांचं आडनाव

आडनाव सांगा, मी मूळ सांगतो! हे काही फुशारकीने म्हणत नाही. दारावरच्या नावाच्या पाट्या बनवण्याचा माझा धंदा आहे. पितळ, लाकूड, अॅक्रिलिक, म्हणाल त्याच्यावर नाव कोरून देतो, आणि नावाचा अर्थ वर फुकट. कुठलं आडनाव गावावरून पडलं, कुठलं धंद्यावरून, कुठलं एखाद्या पूर्वजाच्या तिरळ्या डोळ्यावरून, हे मला नुसतं ऐकून कळतं. निदान कळल्यासारखं वाटतं. एका गिऱ्हाइकाला मी मोठ्या प्रेमाने म्हटलं, "तुमचे पूर्वज गाढवं हाकायचे बरं का!" तो तयार झालेली पितळी पाटी तशीच टाकून गेला. ती अजून दुकानात आहे. कोणाचं आडनाव जुळत असेल तर स्वस्तात देईन.

तर अशा या विद्वानाची दाढ दुखायला लागली.

आता एक सांगतो. मी कुत्र्याला भीत नाही, अंधाराला भीत नाही, फार काय, सासूबाईंनाही फक्त समोर असतानाच भितो. पण दातांचा डॉक्टर म्हटलं की माझ्या तोंडचं पाणी पळतं! दाढेत लवंग धरली, मिठाच्या गुळण्या केल्या, गालाला फडकं बांधून बसलो. शेवटी बायको म्हणाली, "अहो, त्या पलीकडच्या रस्त्यावर नवीन दवाखाना निघालाय. चला मुकाट्याने."

"दुखायचं थांबलंय गं!"

"मग हे चणे खाऊन दाखवा."

मी मुकाट्याने चपला घातल्या.

दवाखाना दुसऱ्या मजल्यावर. बाहेरच्या खोलीत खुर्च्या, मधे टेबल, टेबलावर जुनी मासिकं आणि जबड्याचा एक प्लॅस्टिकचा नमुना. तो माझ्याकडे बघून हसत होता! शेजारी एक लठ्ठ गृहस्थ गाल धरून बसले होते. पलीकडे पर्स घट्ट धरलेल्या एक आजी, आणि कोपऱ्यात वर्तमानपत्र वाचणारे एक शांत आजोबा. रिसेप्शनची खुर्ची रिकामी होती, कारण तिथल्या बाई आत डॉक्टरांच्या हाताखाली होत्या. बंद दारामागून मशीनचा आवाज येत होता. घूंऽऽऽ... मग थांबायचा. मग "आई गंऽऽ!" मग पुन्हा घूंऽऽऽ!

माझ्या कपाळाला घाम फुटला. अशा वेळी माणूस देवाचं नाव घेतो. मी पाट्यावाला, मी दारावरचं नाव वाचलं.

ते आडनाव मी इथे सांगणार नाही. माझे उपचार अजून चालू आहेत.

पण आडनाव असं होतं की जिभेवर घेताच कड्कन मोडल्यासारखं वाटावं! भीती घालवायला, मी पाट्यावाला असं सांगून, लठ्ठ गृहस्थांशी बोलायला लागलो. त्यांचं आडनाव विचारलं आणि सांगितलं, "म्हणजे तुमच्याकडे धान्याची कोठारं सांभाळायचं काम!" त्यांच्या देहाकडे बघून हे कोणीही सांगितलं असतं, पण ते खूश झाले. आजींना म्हटलं, "तुमच्या नावाचा अर्थ संथ वाहणारी नदी." आजी लाजल्या. माझी दाढ जरा कमी ठणकायला लागली. मग आजींनीच विचारलं, "आणि हो, या डॉक्टरांच्या आडनावाचा अर्थ काय?"

मला माहीत नव्हता. पण 'माहीत नाही' हे शब्द माझ्या तोंडून कधी निघत नाहीत. तोंडाची ठेवणच तशी आहे.

"फार जुनं आडनाव आहे," मी आवाज खाली आणला. "राजेलोकांच्या तुरुंगात कैद्यांना बोलतं करणारी माणसं असायची ना? हाडं मोडून, नखं उपटून... त्यातलंच हे एक घराणं."

"काय सांगता!" लठ्ठ गृहस्थांचा गालावरचा हात गळून पडला.

त्याच क्षणी आतून "आई गंऽऽ!" आलं. इतकं वेळेवर की मी स्वतःच दचकलो.

"पण पहिलं नाव तर किती छान आहे," आजी पुटपुटल्या. "दयाळू असाच अर्थ होतो ना त्याचा?"

"तीच तर मेख आहे! असल्या घराण्यांत मुलांना मुद्दाम मऊ नावं ठेवायचे. नाव ऐकून कैदी बेसावध व्हायला हवा!"

हे कुठून सुचलं, देव जाणे. पण बोलून झालं आणि मला ते शंभर टक्के खरं वाटायला लागलं! दुसऱ्याला घाबरवताना स्वतः एवढं घाबरणारा माणूस तुम्ही बघितला नसेल.

लठ्ठ गृहस्थ उठले. "जरा पाणी पिऊन येतो," म्हणाले. पाण्याचा जार त्यांच्या शेजारीच होता! ते जिना उतरले. आजी संथ वाहणाऱ्या नदीसारख्या मुळीच नाही, धबधब्यासारख्या त्यांच्यामागे गेल्या.

इतका वेळ खिडकीशी उभं राहून माहेरी फोन करणारी बायको वळली. रिकाम्या खुर्च्या बघितल्या, मग मला बघितलं. लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर तिला काही विचारावं लागत नाही.

"परत कोणाच्या तरी पूर्वजांवर घसरलात ना? बिचाऱ्याने नवीन दवाखाना घातलाय, आणि तुम्ही पेशंट पळवताय! बसा इथेच. हलाल तर बघा." आणि ती धाडधाड जिना उतरून त्यांच्यामागे गेली.

आता उरलो मी आणि वर्तमानपत्रवाले आजोबा. आजोबांनी पेपरची घडी घातली, चष्मा काढून पुसला आणि हळूच म्हणाले, "मला हे ठाऊकच नव्हतं हो."

"कसं असणार! त्याला अभ्यास लागतो."

"नाही, म्हणजे जन्मभर मीही हेच आडनाव लावतोय. डॉक्टर माझा मुलगा."

माझ्या दोन्ही कानांत एकदम घूंऽऽऽ सुरू झालं!

"दवाखाना रिकामा दिसू नये म्हणून मी इथे पेशंटसारखा बसतो," आजोबा म्हणाले. "आज पहिल्यांदाच खरी माणसं आली होती." त्यांनी रिकाम्या खुर्च्यांकडे बघितलं. रागाने बघितलं असतं तर बरं झालं असतं. मग ते उठले, बाजूचं दार उघडून आत गेले.

आत! मुलाला सांगायला! आणि मुलाच्या हातात मशीन!

मी जिन्याकडे झेप घेतली. पण तेवढ्यात आतला पेशंट बाहेर आला. त्याचा गाल टम्म फुगलेला. त्याच्यामागून रिसेप्शनवाल्या बाई माझ्यासमोर उभ्या राहिल्या.

"नाव काय?"

खरं नाव सांगितलं तर संपलं! आजोबा आत 'तो पाट्यावाला' म्हणून सांगणार, माझं दुकान कोपऱ्यावरच, दुकानाच्या पाटीवर माझं आडनाव हातभर मोठ्या अक्षरांत. मी दुसरं कुठलं तरी आडनाव आठवायला लागलो. हजारो आडनावं कोरलेला माणूस मी, पण त्या घडीला डोक्यात एकच आलं. आत्ताच अर्थ सांगितलेलं, लठ्ठ गृहस्थांचं. तेच फेकलं.

"अरे वा, तुमचाच नंबर!" बाईंनी माझा दंड धरला. "चला, डॉक्टर तयार आहेत."

ती खुर्ची! आडवी होते, उंच होते, आणि वरून दिवा डोळ्यांत येतो. मला राजाचा तुरुंग स्वच्छ दिसायला लागला. डॉक्टरांच्या तोंडावर मास्क. नुसते डोळे दिसत होते, आणि तेही माझ्याकडे नाही, भिंतीवरच्या पांढऱ्या दिव्यासमोर लावलेल्या कोणाच्या तरी जबड्याच्या एक्स-रेकडे बघत होते.

"फोटो तुम्ही पाठवला होता तो बघितला मी," ते हळू आवाजात म्हणाले. "मग, फोनवर ठरल्याप्रमाणे करायचं ना?"

काय ठरलं होतं, मला काय माहीत! पण 'नाही' म्हणायला धीर लागतो. मी मान हलवली.

"आ करा."

मी 'डॉक्टर, एक मिनिट' असं म्हणायला तोंड उघडलं, आणि त्यांनी ते 'आ' समजून सुई टोचली. आधी एका बाजूला, मग दुसऱ्या बाजूला. मी खुर्चीचे हात असे आवळले की आता त्यांवर माझ्या बोटांची पाटी कोरली गेली असेल.

जीभ जड व्हायला लागली. ओठ कोणा दुसऱ्याचे वाटायला लागले. मग डॉक्टर म्हणाले, "छान. आता खालच्या दोन्ही अक्कलदाढा काढून टाकू."

दोन्ही!! माझी दुखत होती वरची! एकच!

"ई ओ अव्हे!" मी ओरडलो.

"दुखतंय का अजून?"

मला म्हणायचं होतं, 'मी तो नव्हे!' "ई ओ अव्हे! आवं आव एगवं आवे!" म्हणजे 'माझं नाव वेगळं आहे!' तुम्हाला कळलं ना? त्यांना नाही कळलं.

तेवढ्यात मधल्या छोट्या खोलीतून, बाजूच्या दाराने, आजोबा आत आले. "अरे, हेच ते गृहस्थ!" ते मुलाला म्हणाले. "आपल्या आडनावाचं मूळ सांगत होते बघ."

डॉक्टरांच्या हातात लांब दांड्यांचा चिमटा होता. तो हवेत थांबला. मास्कवरचे डोळे माझ्याकडे वळले.

"असं? काय करायचे आमचे पूर्वज?"

माणूस मरताना खोटं बोलत नाही म्हणतात. साफ चूक आहे. मी जिवाच्या आकांताने 'राजवैद्य! राजवैद्य होते!' असं सांगायचा प्रयत्न केला. "आव्वैव्य! आव्वैव्य ओवे!"

"बाहेर वेगळं म्हणाले," आजोबा शांतपणे म्हणाले.

मी डोळे मिटले. चिमट्याचं थंडगार टोक दाढेला लागलं. मला आई आठवली, शाळा आठवली, गिऱ्हाइकांच्या पूर्वजांची मी केलेली विटंबना आठवली. आणि मग काहीच झालं नाही.

मी एक डोळा उघडला. डॉक्टर माझ्या तोंडात बघत होते, मग फोटोकडे, मग पुन्हा तोंडात. त्यांनी मास्क खाली ओढला. आत एक कोवळा, घामाने डबडबलेला चेहरा होता. माझ्यापेक्षा घाबरलेला!

"बाबा," ते कुजबुजले, "फोटोत इथला दात पडलेला आहे. यांच्या तोंडात तो आहे. दात... परत उगवला?"

"तुझ्या पुस्तकात काय लिहिलंय?"

"असं कुठेच नाही लिहिलेलं!"

चिमटा अजून माझ्या तोंडात होता! बापलेकांनी माझ्या जबड्यात डोकी घातली. एवढ्यात दार धाडकन उघडलं. पुढे बायको, तिच्यामागे आजी, आणि मागे धापा टाकणारे लठ्ठ गृहस्थ.

"डॉक्टर, आणलं सगळ्यांना परत!" बायको म्हणाली. "जिन्यातच सांगितलं त्यांना, आमच्या ह्यांनी स्वतःच्या आडनावाचेसुद्धा आजवर तीन वेगवेगळे अर्थ सांगितलेत, तर... अहो! तुम्ही त्या खुर्चीत काय करताय?"

"माझा नंबर होता!" लठ्ठ गृहस्थ फोटोकडे बोट दाखवून ओरडले. "तो माझा जबडा आहे!"

"मग हे कोण?" रिसेप्शनवाल्या बाईंनी विचारलं.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. बायकोने कपाळावर हात मारला. "हे आमचे," ती म्हणाली. इतक्या नाइलाजाने मला आजवर कोणी आपलं म्हटलं नव्हतं.

डॉक्टर मटकन स्टुलावर बसले. चिमटा ट्रेमध्ये ठेवला आणि दोन्ही हातांनी चेहरा झाकला. मला वाटलं, आता हे मला चोपणार. पण ते म्हणाले, "थोडक्यात वाचलो! पहिल्याच आठवड्यात भलत्याच माणसाच्या दाढा काढल्या असत्या, तर दवाखाना बंदच करावा लागला असता." तेव्हा मला नीट कळलं की त्या खोलीत भिणारा मी एकटा नव्हतो.

मी हात जोडले. बोलता येत नव्हतं, तेच बरं झालं.

आजोबांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "आमच्या आडनावाचं खरं मूळ सांगू? आमचे कोणी पूर्वज फार भित्रे होते. पान हललं तरी घरात पळायचे. लोक चिडवायला जो शब्द वापरायचे, त्याचंच आडनाव झालं. हाडं मोडणं राहू द्या, त्यांनी कधी ऊस मोडला नसेल."

डॉक्टरांनी मग माझी वरची दाढ तपासली. कीड होती, पण काढायची गरज नव्हती. काही फेऱ्या मारून नुसती भरून घ्यायची होती. लठ्ठ गृहस्थांच्या दाढा त्याच दिवशी निघाल्या. आजी त्यांचा हात धरून बसल्या होत्या.

मी निघताना रिसेप्शनवाल्या बाईंनी विचारलं, "आता तरी खरं आडनाव सांगा." बायको आत आजोबांची माफी मागत होती. मी सुन्न जिभेने जमेल तितकं स्पष्ट सांगितलं. बाईंनी जसं ऐकू आलं तसं कॉम्प्युटरमध्ये घातलं. अव्वाव्वे!

ते दुरुस्त करून घ्यावं असं पुढच्या खेपेला माझ्या मनात होतं. पण एकाच दवाखान्यात तिसरं आडनाव सांगायचं? माझी नाही हिंमत झाली. त्यामुळे आता बाईंनी "अव्वाव्वे!" अशी हाक मारली, की मी निमूटपणे उठतो.

परवा खोली माणसांनी भरलेली होती. आजोबांनी पेपर खाली ठेवला आणि सगळ्यांसमोर कौतुकाने विचारलं, "अव्वाव्वे, असं आडनाव मी कुठे ऐकलं नाही हो. याचं मूळ काय?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी गालावर हात ठेवला, आणि तोंडात कापूस आहे अशी खूण केली.

कापूस नव्हता. तो नंतर घालणार होते.