लुकलुकवाडीचा नियम

रंगनाथतात्यांकडे गेलात तर चहा मागाहून मिळतो. आधी घोंगडीत शिरावं लागतं. तेही भर दुपारी, अंगाची लाही होत असताना. शिवाय येताना एक पांढरी गारगोटी आणावी लागते. रिकाम्या हातानं गेलेल्याला तात्या उंबऱ्यावरूनच बांधाकडे पिटाळतात.

मी जनावरांचा डॉक्टर. घोडेगावच्या अलीकडच्या या गावात माझी बदली झाली आणि पहिल्याच दिवशी तात्यांनी मला घोंगडीत घेतलं. म्हातारा काहीतरी लपवलेलं दुखणं दाखवणार, असं वाटून मी घाबरलो. पण तात्यांनी कोपरीच्या खिशातून आपली गारगोटी काढली आणि माझ्या गारगोटीवर खसाखसा घासली. दोन्ही दगड आतून उजळले. फुंकर मारल्यावर निखारा उजळतो ना, तसे. जळकट वास आला. मी तोंडात बोट घालायचा बाकी होतो.

तात्यांना कसलंच कौतुक नाही. "उजेड हाय," ते म्हणाले, "पन आपला न्हाई." आणि माझी गारगोटी त्यांनी दारातून बाहेर भिरकावली.

बाहेर अशा नापास गारगोट्यांचा ढीग पडलाय. तलाठी, सोयरे, ऊसतोडीहून परतलेली माणसं, सगळ्यांच्या. गावात कुणी ओटा बांधायला काढला की भरावाला तिथूनच पाट्या भरून नेतात.

'आपला उजेड' म्हणजे लुकलुकवाडीचा. हे गाव कुठल्याही नकाशात नाही, पण तात्या त्याबद्दल बहिणीच्या सासरबद्दल बोलावं तसं बोलतात. तिथं सूर्य नाही. डोंगर सगळे गारगोटीचे. दोन माणसं डोंगराला टेकून बसली की डोंगर उजळतो, उठली की विझतो. तिथले बैल काचेसारखे आरपार दिसतात, त्यामुळे बाजारात आजारी जनावर कुणी कुणाच्या गळ्यात मारू शकत नाही. "डॉक्टर, तुमचं तिथं काय बी काम न्हाई," हे तात्यांनी मला निदान वीस वेळा ऐकवलंय.

एकदा माझं डोकं फिरलं. मी विचारलं, "आणि एकटाच माणूस असला तर? त्यानं काय अंधारात मरायचं?"

तात्या गंभीर झाले. "तिथं एकट्यानं उजेड बघायचाच न्हाई. नियम हाय."

"नियम केला कुणी?"

"आमी दोघांनी," म्हणाले, आणि लगेच म्हशीच्या खुराकावर आले.

दोघांतला दुसरा म्हणजे गेणूअण्णा, तात्यांचा धाकटा भाऊ. भिंतीला भिंत लागून घर. वाटणी झाल्यापासून दोघांत शब्द नाही. वाटणीला बसलेल्या पंचांपैकी एक म्हातारबा अजून आहेत, त्यांनीच मला सांगितलं. रान वाटलं, विहिरीच्या पाळ्या वाटल्या, चिंचेच्या फांद्यासुद्धा वाटल्या. भांडून भांडून सगळे घायकुतीला आलेले. शेवटी कुणीतरी कोनाड्यातली गारगोट्यांची जोडी काढली आणि एक याला, एक त्याला दिली. लहानपणी दोघं भाऊ तीच घेऊन घोंगडीत बसायचे. "आमी गमतीनं केलं हुतं," म्हातारबा मान खाली घालून म्हणाले. "वाटलं, दोघं हसत्याल. कुनीच हसलं न्हाई."

तेव्हापासून तात्या आपल्या दगडाला जोडीदार शोधतायत. भिंतीपलीकडे जाऊन मागायचा मात्र नाही. ताठा दोन्हीकडे सारखाच. मी एकीकडे इंजेक्शन देऊन आलो की दुसरीकडचा भाऊ आढ्याकडे बघत विचारणार, "तिकडच्या गायीला काय झालं?" मला दोन्हीकडे चहा मिळतो, म्हणून मी तक्रार करत नाही.

गेल्या उन्हाळ्यात गेणूअण्णांची गाय अडली. वासरू कसंबसं ओढून काढलं आणि मी म्हटलं, "अण्णा, ती बाटली द्या." बाटली त्यांच्या पायाशीच होती. अण्णा हातानं जमीन चाचपत राहिले. मग समजलं. काचबिंदू. नगरच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, गेलेली नजर आता परत यायची नाही. "तिकडं सांगू नका," अण्णा म्हणाले. त्यांचा एक हात खिशात होता आणि खिशात काहीतरी सारखं फिरत होतं.

माझ्या पोटात काही राहत नाही. मी हात धुतले आणि थेट तिकडं जाऊन सांगितलं.

तात्यांनी खुंटीवरची घोंगडी काढली आणि अनवाणीच निघाले. दोन दारांत बारा पावलं असतील. मी वासराचं निमित्त करून मागोमाग गेलो. अण्णा भिंतीला टेकून बसले होते. तात्या त्यांच्यापुढे उभे राहिले.

"गेण्या, सरक."

अण्णा सरकले. तात्यांनी दोघांच्या डोक्यावरून घोंगडी ओढून घेतली. मी गायीपाशी उभा. आतून घासल्याचा आवाज आला. मग अण्णांचा आवाज आला.

"दिसत न्हाई रं, दादा. पन वास त्योच हाय."

मी गायीच्या पाठीवरून उगाच हात फिरवत राहिलो.

खूप वेळानं तात्या बाहेर आले. डोळे लाल झालेले. इतक्या वर्षांनी जोडी जमली, आणि मला विचारल्याशिवाय चैन पडेना.

"तात्या, पडला का आपला उजेड?"

"काय म्हाईत," तात्या घोंगडी झटकत म्हणाले. "म्या डोळं मिटून घेतलं हुतं. नियम हाय."