टेबलाखालची फौजदारी

"पुस्तक चोरीला गेलंय," ग्रंथपाल बाई म्हणाल्या, आणि शिक्षकांच्या खोलीत डबा खात बसलेल्या सरांचा घास हातातच राहिला.

"कुठलं?"

"तुमचंच. फौजदारी कार्यपद्धतीचं, ते जाडजूड. फळीवर नाही, वरच्या कपाटात नाही, कुठेच नाही."

सरांनी घास डब्यात ठेवला. "पण मागितलं कोणी?"

बाईंना हा प्रश्न उलटा वाटला, पण सरांना तोच आधी पडणं साहजिक होतं. सर कायद्याच्या कॉलेजात फौजदारी कार्यपद्धती शिकवत. माणसाला अटक कशी करावी, झडती कशी घ्यावी, जबाब कसा लिहावा, हे सगळं त्यांना तोंडपाठ होतं; आजवर त्यांनी कोणाला चिमटासुद्धा काढला नव्हता. दरवर्षी पहिल्या तासाला ते फळ्यावर शिफारस केलेल्या पुस्तकांची नावं लिहीत. सगळ्यांत वर हे पुस्तक असे. "ज्याने हे वाचलं नाही, त्याने या विषयात काहीच वाचलं नाही," असं म्हणून ते खडू खाली ठेवत. मुलं नाव इमानेइतबारे उतरवून घेत आणि कॅन्टीनला जात. पुस्तक मागायला ग्रंथालयात आजवर चिटपाखरूही फिरकलं नव्हतं.

"शंकाबाई आली होती," बाई म्हणाल्या.

शंकाबाई ही दुसऱ्या बाकावरची मुलगी. तासाला हात वर करून "पण सर" असं म्हटल्याशिवाय तिला अन्न गोड लागत नसे, म्हणून सगळं कॉलेज तिला शंकाबाई म्हणे. एका विद्यार्थिनीला आपण सांगितलेलं पुस्तक वाचावंसं वाटलं, या आनंदाने सरांचा ऊर भरून आला. आणि नेमकं तेच चोरीला गेलं, या विचाराने त्यांचं डोकं फिरलं.

"माझ्या ग्रंथालयातून आजवर टाचणी हलली नाही," बाई म्हणाल्या. "आता लोक काय म्हणतील?"

"बाई, तक्रार करायची. रीतसर."

"एका पुस्तकासाठी पोलीस?"

"प्रश्न पुस्तकाचा नाही. प्रश्न पद्धतीचा आहे."

पोलीस चौकीतल्या हवालदारांचंही मत बाईंसारखंच पडलं. ते पोटावर हात ठेवून बसले होते आणि समोर चहा निवत होता.

"सर, नवीन घ्या की एक. कशाला नस्ती भानगड?"

"हवालदार, चोरी ही चोरी असते. तुम्ही खबर लिहून घ्यायला बांधील आहात."

"लिहितो हो. पण नंतर चौकशी आली, जबाब आले, कोर्टात चकरा आल्या. तुम्हालाच त्रास."

"येऊ देत! चोर कोणी का असेना, माझा विद्यार्थी असो नाहीतर प्राचार्य असोत, गय नाही."

हवालदारांनी उसासा टाकून कागद ओढला. काय लिहायचं ते सरांनीच सांगितलं, स्वल्पविरामांसकट. बाईंनी खाली सही केली.

दुसऱ्या दिवशी सरांचा तास रंगला. म्हणजे आजवर कधी रंगला नव्हता तसा रंगला. मागच्या बाकावर झोपणारा पहिलवान चक्क डोळे उघडे ठेवून बसला होता.

"चोर कसा असेल, सांगा बरं," सर येरझाऱ्या घालत म्हणाले. "कुलूप तुटलेलं नाही. म्हणजे माणूस ओळखीचा. इतकी पुस्तकं सोडून हेच नेलं, म्हणजे विषयातला जाणकार. नोंद न करता नेलं, म्हणजे नियम आपल्याला नसतातच असं समजणारा. असल्या शिकलेल्या माणसाची मला जास्त चीड येते."

"पण सर," शंकाबाई म्हणाली, "न विचारता नेलं की लगेच चोरी होते का?"

"नेताना मनात बेइमानी हवी. पण ते सिद्ध होईल. आधी सापडू तर दे."

ते त्याच संध्याकाळी सापडलं, आणि तेही शंकाबाईलाच. ग्रंथालयात नाही तर नाही, रद्दीच्या दुकानात एखादी जुनी प्रत मिळते का, म्हणून ती बघायला गेली आणि जुन्या मासिकांच्या ढिगात तिला ते दिसलं. आत कॉलेजचा शिक्का होता. तिने सरांना फोन केला, सरांनी हवालदारांना केला, आणि हवालदार येईपर्यंत पुस्तकाला कोणी हात लावू नये म्हणून सर स्वतः धावत जाऊन दुकानापुढे हात पसरून उभे राहिले.

पंचनामा सरांच्या देखरेखीखाली झाला. "मुखपृष्ठावर मधोमध एक गोल खळगा आहे," त्यांनी दाखवलं. "लिहून घ्या. चोराने यावर काहीतरी जड ठेवलं होतं. पुस्तकाची ही किंमत!"

"गोल खळगा," हवालदारांनी लिहिलं.

रद्दीवाला रडकुंडीला आला होता. "साहेब, मी चोर नाही हो. एका घरून रीतसर वजन करून आणलंय. बाई चांगल्या घरच्या वाटल्या. म्हणाल्या, अडगळ आहे, घेऊन जा एकदाची."

"घर दाखवशील?"

"आत्ता दाखवतो. पण मला मोकळं करा."

"सकाळी बघू," हवालदार म्हणाले. त्यांची घरी जायची वेळ झाली होती.

"सकाळपर्यंत पुरावा नाहीसा होतो, हवालदार!" सर कडाडले.

एव्हाना ग्रंथपाल बाई आल्या होत्या, पहिलवान आला होता, आणि शंकाबाईने कळवल्यामुळे वर्गातली आणखी पाचसहा मुलं आली होती. पुढे रद्दीवाला, त्याच्यामागे पुस्तक काखोटीला मारून हवालदार, मग सर आणि बाई, आणि मागे विद्यार्थी, अशी वरात निघाली. सरांना इतकं हलकं वाटत होतं की ते मधूनमधून रद्दीवाल्याच्याही पुढे जात. सगळा जन्म ज्या गोष्टी फळ्यावर लिहिण्यात गेला, त्या आज रस्त्यावर चालत होत्या. सर मनापासून खूश होते.

रद्दीवाला औषधांच्या दुकानापाशी डावीकडे वळला.

"वा! हा तर माझा रोजचा रस्ता," सर बाईंना म्हणाले.

तो बागेच्या कुंपणाला धरून पुढे गेला.

"चोर आमच्याच भागातला निघतोय की काय! बघा, माणूस माणसाला कसा ओळखत नाही." सरांच्या डोळ्यांपुढे कोपऱ्यावरचा दंतवैद्य आला. तो सकाळी सहाला मोठ्याने रेडिओ लावत असे. सरांचा त्याच्यावर पहिल्यापासून राग होता. "अंदाज आहे मला," ते हळूच म्हणाले.

दंतवैद्याचं घर आलं. दंतवैद्य बाहेर झाडांना पाणी घालत होता. एवढे लोक बघून त्याने पाइप खाली टाकला. सर थांबले. रद्दीवाला थांबला नाही.

यापुढे त्या रस्त्यावर दोनच घरं होती. त्यातल्या एकाला कुलूप होतं. सर आपोआप मागे पडले. शेवटी पहिलवानाच्या खांद्याआड त्यांचा चष्मा तेवढा दिसत होता. टेबल. गोल खळगा. जेवणाच्या टेबलाचा पाय. तो आखूड होता, टेबल डगमगत होतं, आणि फार वर्षांपूर्वी एका दुपारी वाचायला म्हणून आणलेलं एक जाड पुस्तक सरांनी स्वतःच्या हाताने, तात्पुरतं, त्याच्याखाली सरकवलं होतं. वाचायला घेऊ तेव्हा काढू, असं ठरलं होतं. ती वेळ आलीच नाही. कॉलेजात सरांचं एकच भांडवल होतं. त्यांचा शब्द. तो आज भर रस्त्यात, स्वतःच्या विद्यार्थ्यांदेखत, स्वतःच्या फाटकाशी जाऊन बुडणार होता.

"हे बघा, हेच घर," रद्दीवाला म्हणाला.

शंकाबाईने फाटकावरची पाटी वाचली, मग सरांकडे पाहिलं, मग पुन्हा पाटी वाचली. "पण सर," ती म्हणाली, आणि आयुष्यात प्रथमच तिला पुढे काय विचारावं ते सुचलं नाही.

दार उघडलं. सरांची बायको पदराला हात पुसत बाहेर आली.

"अहो, आलात? आणि ही एवढी माणसं? आधी सांगायचं नाही का?" तेवढ्यात तिला हवालदारांच्या काखेतलं पुस्तक दिसलं. "अगंबाई, हे परत आलं? काल सुतार येऊन टेबलाचा पाय नीट करून गेला, म्हटलं गेली एकदाची ब्याद. तुम्ही विकत घेऊन आलात की काय?"

हवालदार पायरीवर बसले आणि त्यांनी खिशातून कागद काढला. आता मात्र त्यांना घरी जायची घाई दिसत नव्हती.

"सर, काय लिहू?"

ग्रंथपाल बाईंचा चेहरा लाल झाला होता. "सर, तुम्ही? माझ्या ग्रंथालयातून? आणि तक्रारीवर माझी सही घेतलीत?"

सर मटकन आपल्याच पायरीवर बसले. तेवढ्यात शंकाबाई पुढे झाली.

"हवालदार, सरांना काही विचारायचं नाही. आरोपीला गप्प बसायचा हक्क आहे. सर, तुम्ही एक अक्षर बोलू नका. मी बोलते." तिने ओढणी खांद्यावर नीट घेतली. "सरांनी पुस्तक वाचायला नेलं. परत द्यायचा विचार होता. म्हणजे बेइमानी नाही, म्हणजे चोरी नाही. बरोबर?"

"पण इतकी वर्षं दिलं नाही, त्याचं काय?" झोपाळू पहिलवान तिथल्या तिथे सरकारी वकील झाला.

"विसरले. विसरणं गुन्हा नाही. आणि एकदा चांगल्या मनाने आणलेली वस्तू पुढे कितीही दिवस ठेवली, तरी गुन्हा होतच नाही."

हवालदारांनी मान डोलावली. त्यांना हे पटलं होतं. गैरसमज झाला असं लिहिलं की प्रकरण मिटत होतं. त्यांनी पेन टेकवलं, आणि पायरीवरून आवाज आला.

"चूक."

सगळे सरांकडे बघू लागले.

"अहो, गप्प बसा!" बायको म्हणाली.

"अगं, पण चूक सांगतेय ती! आणलं चांगल्या मनाने, मान्य. पण वस्तू दुसऱ्याची आहे हे ठाऊक असून नंतर स्वतःची म्हणून वापरली, तर तो वेगळा गुन्हा होतो. वर्गात दोन तास घेतले होते यावर. दहापैकी चार गुण."

"सर!" शंकाबाई कळवळली. "मी तुम्हाला सोडवतेय!"

"चुकीच्या मुद्द्यावर सुटायचं नाही मला." सर उभे राहिले. त्यांचा आवाज बारीक झाला होता, पण ते सगळ्यांकडे बघून बोलले. "मुलांनो, पुस्तक मीच नेलं. बाईंना सांगितलं नाही. विसरलो, हेही खरं. पण दरवर्षी फळ्यावर त्याचं नाव लिहायचो आणि घरी येऊन त्याच टेबलावर जेवायचो. तुम्हाला वाचा म्हणत होतो, आणि मी स्वतः पहिल्या धड्याच्या पुढे गेलेलो नाही. मला लाज वाटतेय. हवालदार, लिहा."

पहिलवानाने नाक ओढलं. पण हवालदारांनी पेन उचललं ते बाईंकडे वळून.

"बाई, एक सांगा. दरवर्षी पुस्तकांची मोजदाद होते ना तुमच्याकडे?"

"होते."

"मग हे इतकी वर्षं मोजलं कोणी?"

ग्रंथपाल बाईंच्या चेहऱ्यावरचा लाल रंग उतरला आणि दुसराच चढला. त्यांनी सरांकडे पाहिलं, सरांनी त्यांच्याकडे पाहिलं.

"वरची फळी आहे ती," बाई खाली बघत पुटपुटल्या. "शिडी डगमगते. कोणी मागतच नाही, म्हणून खालूनच बरोबरची खूण करायचे." मग त्यांनी एकदम मान वर केली. "हवालदार, माझी काही तक्रार नाही. पुस्तक मिळालं. सर, तुम्ही तुमची चूक तुमच्यापाशी ठेवा, मी माझी माझ्यापाशी."

"गैरसमज," हवालदारांनी मोठ्याने म्हणत लिहिलं आणि पेनाला टोपण लावलं. रद्दीवाला सुटकेचा निःश्वास टाकून कधीच पसार झाला होता. पुस्तक शंकाबाईच्या हातात पडलं आणि सरांना जिवात जीव आल्यासारखं वाटलं.

"पण सर," शंकाबाई पुस्तकावरचा खळगा चाचपत म्हणाली, "फळ्यावर याच्याखाली आणखी पुस्तकं होती. मी सगळीच शोधली. त्यातलं एकही फळीवर नव्हतं. ती कुठे आहेत?"

बाई चमकल्या. हवालदारांनी टोपण पुन्हा काढलं. सरांनी आभाळाकडे पाहिलं, चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि आपला गप्प बसायचा हक्क आता मात्र पुरेपूर बजावला.

बायको आरोपी नव्हती. "आहेत की!" ती म्हणाली. "दोन कपाटाखाली आहेत, एक खिडकीच्या फटीत, एकावर इस्त्री ठेवते मी, आणि बाकीची माळ्यावर चढायला पायरी म्हणून रचलीत. या रे आत, काढून द्या मला. कधीची म्हणतेय यांना."

मुलं आत गेली. घरात बराच वेळ सरकवासरकवी, शिंका आणि हसणं चाललं होतं. खिडकी धाडकन आपटली, कपाट करकरलं. मग मुलं एकेक पुस्तक घेऊन बाहेर आली आणि धूळ झटकत फाटकाशी उभी राहिली. पहिलवानाने आपलं पुस्तक उघडलंसुद्धा होतं आणि शंकाबाई मान वाकडी करून त्यात डोकावत होती.

सर त्यांच्याकडे बघतच राहिले. एवढी वर्षं शिकवत होते, पण समोर उभ्या असलेल्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या हातात शिफारस केलेलं पुस्तक आहे, असं दृश्य त्यांनी आज पहिल्यांदाच पाहिलं.

"हवालदार," ते म्हणाले, "वाटलं तर अटक करा. पण थोडं थांबून. यांचा एक तास घेतो."