डाव्या हाताचा नवस

राहीने चहाचा कप उजव्या हाताने उचलला आणि मालनने धसकून हातातलं भांडं खाली ठेवलं.

वास्तविक तिला आनंद व्हायला हवा होता. पोर रांगत होती तेव्हापासून "उजव्या हाताने घे, उजव्या हाताने दे" हा जप मालनने जेवढा केला होता, तेवढा देवाच्या नावाचा केला असता तर एव्हाना देव ओसरीवर येऊन बसला असता. एवढ्या जपाने राहीचं जेवण आणि लिहिणं तेवढं उजव्या हातावर आलं. बाकी कप, कंगवा, केरसुणी आणि चेंडू, सगळं डाव्या हातात. आणि आज शुक्रवारी सकाळी, मालनच्या उपासाच्या दिवशी, कुणी न सांगता कप उजव्या हातात गेला होता.

"डाव्या हाताला काय झालं गो?"

"मनगट धरलंय. काही नाही एवढं."

"कशानं?"

"नारळांनी," राही म्हणाली आणि कोपऱ्यातल्या पोत्याकडे मान वळवली.

पोत्यात सत्काराचे नारळ होते. राही सॉफ्टबॉल खेळायची. रत्नागिरीच्या आसपास हा खेळ कुणाला ठाऊक नव्हता आणि राहीलाही तो शिकायचा म्हणून शिकायचा नव्हता. घरची आंब्याची कलमं, कलमांवर वानरं. वानराला धोंडा मारायचा तर हात वरून फिरवून चालत नाही, फांदीला आपटतो. म्हणून राही झाडाखाली वाकून, हात कमरेखालून गोल फिरवून धोंडा सोडायची, तोही डाव्या हाताने. कॉलेजचे गुरुप्रसाद सर एकदा आंब्याची पेटी न्यायला आले होते. त्यांना संघासाठी नववी मुलगी मिळत नव्हती. धोंडा पानाला न शिवता वानराच्या शेपटीपाशी पोचलेला त्यांनी पाहिला, पेटी तिथेच सोडली आणि मुलीचं नाव विचारलं.

कॉलेजचं मैदान म्हणजे उघडा कातळ. चार कोपऱ्यांत पेंढा भरलेली पोती टाकायची आणि त्यांना बेस म्हणायचं. त्या पोत्यांवरून निघालेली राही विद्यापीठात गेली, राज्याच्या संघात गेली, राष्ट्रीय स्पर्धा खेळली, आणि आता नव्याने निघालेल्या व्यावसायिक लीगमध्ये पुण्याच्या संघाने तिला घ्यायचं ठरवलं होतं. डावखुरी, चेंडू टाकणारी. बुधवारी पुण्याला तपासणी होती. तीत हात चालला तर संघात, नाही तर परत कलमांखाली.

इथवर येईपर्यंत तिला कुणी विचारलं नव्हतं. पेपरात नाव आलं आणि मग मात्र सगळ्यांना एकदमच ती आपली मुलगी असल्याचं आठवलं. ज्या शाळेने डाव्या हाताने लिहिते म्हणून तिला बाकावर उभं केलं होतं, त्या शाळेने सत्कार केला. ज्ञाती मंडळाने केला, महिला मंडळाने केला, पतपेढीने केला. एका ठिकाणी ती क्रिकेटपटू होती, एका ठिकाणी व्हॉलीबॉलपटू. नाक्यावरच्या बॅनरवर तिचा फोटो अंगठ्याएवढा होता आणि शुभेच्छुकांचे टरबुजाएवढे. शाली अंगावर घालून आणता येतात, पण नारळांचं तसं नसतं. ते पोतं एसटीतून उतरवून, जांभ्या दगडांची पाखाडी चढून, राहीने डाव्या हाताने घरी आणलं होतं. डॉक्टरने पट्टी बांधून सांगितलं होतं की चार दिवस हाताने काही उचलू नको.

हे सगळं राहीने आईला नीट समजावून सांगितलं. मालनने ते ऐकलंही. पण तिच्या मनात दुसरंच चाललं होतं.

राही पहिलीत असताना तिने नवलाईच्या देवळात भर गर्दीत डावा हात पुढे करून प्रसाद मागितला होता. बायका एकमेकींकडे बघून हसल्या होत्या. त्याच दिवशी मालनने देवीपुढे पदर पसरला, "आई नवलाई, हिचा डावा हात शांत कर. उजव्या हाताने सगळं करू दे. तुझी ओटी भरीन, शुक्रवार धरीन." शुक्रवार तिने लगेच धरले. नवस मात्र ती साफ विसरून गेली. शुक्रवार कशासाठी धरला, हे विसरण्याइतका तो अंगवळणी पडला होता. आणि आता, इतक्या वर्षांनी, पुण्याला निघायच्या तोंडावर पोरीचा डावा हात शांत झाला होता.

देवीने उशीर केला होता, पण ती विसरली नव्हती.

मालन तशीच पदर सावरत देवळात गेली. भागोजी गुरव समया घासत होता. तिने हळू आवाजात सगळं सांगितलं आणि विचारलं, नवस मागे घेता येतो का.

भागोजीने समई खाली ठेवली. "वयनी, नवस बोलायचा आसतो, फेडायचा आसतो. मागं घ्यायचा मी तरी आयकला नाय. माज्या बापाशीनं पन आयकला नसंल."

"मग काय करायचं?"

"गाराना घालूया. कौल लावूया. पन ह्या काय एकट्याचा काम नाय. गावकराला इचारायला होवा."

आणि गावकराला विचारलं की ती गोष्ट आपली राहत नाही. बाळा गावकर हा देवस्थान कमिटीचा अध्यक्ष आणि गावचा मुख्य मानकरी. त्याला विषय कळला तो सकाळी. दुपारपर्यंत गावच्या मुंबईतल्या ग्रामस्थ मंडळाला कळला आणि संध्याकाळी रविवारची सभा जाहीर झाली. राही आईला म्हणाली की हाताला विश्रांती हवी आहे, सभा नको. मालन म्हणाली, "तू गप बस. तुझ्यासाठी नाही, माझ्यासाठी चाललंय हे."

रविवारी सभामंडप भरला. मालनचा नवरा अनिल पोफळीच्या वीजगृहात कामाला होता, तो रविवारपुरता घरी आला होता आणि खांबाला टेकून बसला होता. मालनने नवस बोलताना त्याला विचारलं नव्हतं, रद्द करतानाही विचारलं नाही, त्यामुळे तो निश्चिंत होता.

सभेत सुरुवातीलाच प्रश्न निघाला की नवस मालनचा की गावाचा. मुलगी आता गावाची झाली आहे, म्हणजे नवसही गावाचा, असं बाळा गावकराने ठरवलं. मग गाऱ्हाण्याचा नारळ कुणी धरायचा, यावर दोन वाड्यांची जुनी तेढ निघाली. मुंबईचं मंडळ फोनवरून म्हणत होतं की आम्ही देवळाला फरशी दिली आहे, आमच्याशिवाय निर्णय नको. फोन खांबाला टेकवून ठेवला होता. त्याच्याकडे कुणी पाहत नव्हतं, पण तो बंद करायची हिंमतही कुणात नव्हती.

मग भागोजीनेच खरी अडचण काढली. "देवीला नीट सांगायला होवा. ह्यो खेळ मला ठावा नाय, तर तिला कुटनं ठावा आसनार? उगाच क्रिकेट समजून भलता काय द्यायची."

हे सगळ्यांना पटलं. गुरुप्रसाद सरांना पुढे बसवलं. ते आले होते डॉक्टरांचा कागद दाखवून मुलीला सोडवून न्यायला. कागद कुणी घेतला नाही, खेळ मात्र विचारून घेतला. सरांनी देवीला समजेल अशा बेताने, म्हणजे भागोजीला समजेल अशा बेताने, अर्धा तास नियम सांगितले. भागोजी डोळे मिटून ऐकत होता. मग तो उठला, हात जोडले आणि गाऱ्हाण्याला सुरुवात केली.

"आई नवलाई, आज तुजी लेकरा तुज्या पायाशी गोळा झालीत."

"व्हय म्हाराजा," मंडप म्हणाला.

"ह्या माऊलीनं लेकीच्या बालपनी काय नवस बोलला आसंल, तो नेनतेपनी बोलला आसंल, ता पोटात घाल."

"व्हय म्हाराजा."

"पोर चेंडू टाकते ती खालनं टाकते. तसा नेम हाय, सर सांगतात. त्यात तिची चूक धरू नको."

"व्हय म्हाराजा."

"समोरलीला तीन येळा हुकव. पयल्या पोत्यापत्तर पन पोचू देव नको."

"व्हय म्हाराजा," मंडप म्हणाला, आणि मागाहून फोनमधून मुंबई म्हणाली.

मग कौल लागला. भागोजीने देवीच्या दोन्ही अंगांना पाण्याने फुलाच्या पाकळ्या चिकटवल्या. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. सगळे पुढे सरकून बसले. मालनच्या तोंडात देवीचं नाव चालू होतं. पाकळी काही हलेना. ऊन मंडपाच्या पायरीवरून खाली उतरलं तरी दोन्ही जागच्या जागी.

"आडलाय," भागोजी म्हणाला. "कुनाचा तरी मागला ऱ्हायलाय. बोलला आसंल आनि फेडला नसंल तर आत्ताच सांगा."

मंडपात चुळबुळ झाली. एकाने कोंबडा कबूल केला. एका म्हातारीने सुनेच्या बाळंतपणाची साडी कबूल केली, त्या बाळाला आता मिशा फुटल्या होत्या. फोनमधून मुंबईने घंटा कबूल केली. सगळे बाळा गावकराकडे पाहू लागले तेव्हा त्याने घसा खाकरून सांगितलं की निवडणुकीच्या वेळचं एक तोरण आहे, पण तो नवस निवडून येण्याचा होता, बिनविरोध येण्याचा नव्हे, त्यामुळे त्याचा विचार चालू आहे.

पाकळ्या तशाच.

"माझा एक होता," राही हळूच म्हणाली. "पण मी फेडलाय."

मालनने वळून पाहिलं. "तुझा कसला?"

"तू त्या दिवशी देवीला सांगत होतीस ना, हिचा हात शांत कर म्हणून. मी खांबामागे होते. तू गेल्यावर मी आत आले. म्हटलं, आईचं ऐकू नको, माझा चेंडू देते तुला. आणि दिला."

"दिलास म्हणजे?"

"आत सोडला. घरंगळत गेला तो."

भागोजीच्या चेहऱ्यावर हळूहळू उजेड पडला. तो गाभाऱ्यात देवीच्या मागे वाकला, खांद्यापर्यंत हात घातला आणि एक लाल रबरी चेंडू बाहेर काढला. "ह्यो काय? दर शिमग्याला साफसफाई करताना पुसून परत ठेवतोय मी. देवीचा आसंल म्हटला."

तो चेंडू वर धरून उभा राहतो न राहतो तोच उजवी पाकळी पडली. देवीच्या मनाने पडली की भागोजीच्या कोपराने, याची चौकशी करणारा माणूस त्या मंडपात नव्हता.

"बगा वयनी," भागोजी म्हणाला, "पोर जेवते उजव्या हातानं, तेवडा तुमचा. चेंडू तिचा. देवीनं तवाच वाटनी करून टाकलेली. नवसाचा काय नाय ह्या."

"मग हाताला झालं काय?" मालनने विचारलं.

"नारळ, आई," राही म्हणाली. "शुक्रवारपासून सांगतेय."

मालनला हे नीट उमजेपर्यंत बाळा गावकर उठला होता. देवीचा होकार आला, आता देवस्थान कमिटीतर्फे सत्कार, असं म्हणून त्याने शाल काढली, आणि शालीवर ठेवलेला, सोललेला, चांगला थोरला नारळ. मागे दोन्ही वाड्यांचे आपापले नारळ घेऊन उभे होते. सर डॉक्टरांचा कागद हलवत काही तरी म्हणाले. राहीचा डावा हात सवयीने पुढे झाला.

मालन कधी चारचौघांत बोललेली नव्हती. ती उठून मुलीच्या पुढे उभी राहिली आणि नेहमीच्या हळू आवाजात म्हणाली, "तिला नारळ चालत नाही. व्रत आहे. खेळाचा हंगाम संपेपर्यंत नारळाला हात लावायचा नाही."

ज्या गावाने डॉक्टरांचा कागद हातात घेतला नव्हता, त्या गावाने माना डोलावल्या. बाळा गावकराने नारळ मागे घेतला, इतकंच नव्हे, तो कपाळाला लावून मागे घेतला. "व्रत म्हटल्यावर काय बोलायचा," तो म्हणाला. "फोटो तेवडा काडू." भागोजीने तर ते लगेच गाऱ्हाण्यात घालून देवीच्या कानावरही टाकलं.

बुधवारी राहीचा हात चालला. संघात घेतल्याचा फोन आला तेव्हा मालनने देवापुढे साखर ठेवली, आणि साखर ठेवता ठेवता तिचा हात थांबला. देवीसमोर, गाऱ्हाण्यासकट, व्रत बोललं गेलं होतं. राहीने ते घेतलेलं नव्हतं, ती पुण्याला सांबार आणि खोबऱ्याची चटणी खात होती. पण बोललेलं व्रत वाऱ्यावर सोडता येत नाही. कुणीतरी ते पाळायला हवं. आणि व्रत पाळणारं घरात एकच माणूस होतं.

शनिवारी अनिल पोफळीहून आला. येताना त्याने बाजारातून ताजे बांगडे आणले होते. ताटात आलं ते बघून त्याने वाटी तिरकी करून पाहिली. पातळ लाल पाणी आणि त्यात बांगडा, आंघोळीला उतरल्यासारखा.

"हे काय गो?"

"सॉफ्टबॉल," मालन म्हणाली.

तिने त्याला सगळं सांगितलं. अनिलने कोपऱ्यातल्या पोत्याकडे पाहिलं. पोतं तोंडापर्यंत भरलेलं होतं. त्याने फक्त हंगाम कधी संपतो ते विचारलं.

ते राहीच्या संघावर होतं. तो हरला असता तर हंगाम लवकर संपला असता. पण संघ हरायचं नाव घेईना. डावखुऱ्या मुलीचा चेंडू कमरेखालून यायचा आणि समोरची बॅटवाली तो कुठल्या फांदीखालून आला ते शोधत राहायची. उपांत्य सामना आला. शनिवारी घरी सोलकढी नव्हती, उसळीत खोबरं नव्हतं, पोह्यांवर नव्हतं. अनिल पोफळीच्या कँटीनची तारीफ करू लागला.

अंतिम सामना रविवारी होता. त्या सकाळी मालनची पूजा झाली तरी अनिल कुठे दिसेना. ज्या माणसाने उभ्या जन्मात आपणहून देवळाची पायरी चढली नव्हती, त्याच्या चपला तिला नवलाईच्या देवळाबाहेर दिसल्या. ती आवाज न करता आत गेली. अनिल देवीपुढे हात जोडून, डोळे घट्ट मिटून उभा होता.

"आई नवलाई," तो म्हणत होता, "पोर माझी आहे, तिला जिंकू दे, पण पुढच्या हंगामाला नारळ..."

मालनने मागून त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"पण नको," ती हळूच म्हणाली. "'दे'वर थांबा."