लाव्हेल पिकेट सोफा घेतो

“यंदा मला इथून कुणी हलवत नाही!” असं लाव्हेल पिकेट अमेरिकेच्या उत्तर टोकाच्या डुलूथ गावात, फर्निचरच्या दुकानात चारचौघांच्या देखत छाती ठोकून म्हणाला, आणि त्यानं चांगला आठ फुटी, निळ्या मखमलीचा सोफा विकत घेतला!

आता बास्केटबॉलवर पोट भरणारी माणसं दोन प्रकारची असतात. एक, ज्यांचे फोटो पोरं भिंतीवर लावतात. दुसरी, ज्यांचं नाव पोरांना पाठ होईपर्यंत त्यांची बदली झालेली असते. लाव्हेल दुसऱ्या प्रकारातला. बारा वर्षांत तेरा संघ! मनिला झालं, तुर्कस्तान झालं, आणि छोट्या लीगमधली अशी अशी गावं झाली, की तिथं टपाल पोचायच्या आत लाव्हेल पुढच्या गावी पोचलेला असायचा.

अशा फिरस्त्या खेळाडूंचा एक नियम आहे. गाडीच्या डिकीत मावणार नाही अशी वस्तू घ्यायची नाही! पलंग घेतला की आठवड्यात बदली, हे ठरलेलं. एकानं म्हणे दुकानात नुसता फ्रीज उघडून बघितला होता, तर त्याला पार अलास्काला धाडला. लाव्हेलला हे सगळं माहीत होतं. नव्या पोरांना तोच हे ज्ञान द्यायचा! पण गेल्या आठवड्यात संघाचा मॅनेजर लुंडग्रेन त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला होता, “लाव्हेल, तू म्हणजे घरचा माणूस.” ज्याला मॅनेजर घरचा माणूस म्हणतो त्यानं खरं तर त्याच दिवशी बॅग भरायला घ्यावी. हा गडी सोफा घ्यायला गेला!

त्यात बायकोचा हट्ट. शरीसनं बारा वर्षं भाड्याच्या घरांत, परक्या लोकांनी सांडलेल्या कॉफीच्या डागांवर बसून काढली होती. उन्हाळ्यात दोघांनी डुलूथच्या टेकडीवर एक छोटं घर घेतलं. शरीसला शाळेच्या वाचनालयात नोकरी लागली, तिनं मेंफिसहून आपल्या आईला, सगळे जिला मानानं मिस यूला म्हणत तिला, राहायला आणलं आणि लग्नानंतर पहिल्यांदा खिडक्यांना स्वतःचे पडदे लावले. पडदे लावून झाल्यावर स्टुलावरूनच तिनं नवऱ्याला बजावलं होतं, “हे बघ लाव्हेल, आता बदली आली तर तू एकटा जायचंस. मी हलणार नाही. पोचलास की पत्र टाक!”

आणि शरीस बोलली की बोलली, हे लाव्हेलला बारा वर्षांत कळून चुकलं होतं.

सोफा आला फेब्रुवारीतल्या एका सकाळी. बाहेर उणे वीस! दुकानाची माणसं सोफा ओसरीवर टाकून पळाली. आत न्यायला बाहेरच्या टोकाला लाव्हेल, आतल्या टोकाला शरीस आणि मध्ये हुकूम सोडायला मिस यूला.

“डावीकडे! अहो जावईबापू, माझ्या डावीकडे!”

“मिस यूला, तुम्ही तिकडे तोंड करून उभ्या आहात!”

“म्हणजे आता माझ्या तोंडात खोट काढायची?”

एवढ्यात लाव्हेलच्या खिशातला फोन वाजला. सोफा गुडघ्यावर पेलत त्यानं तो कानाला लावला. लुंडग्रेन होता.

“लाव्हेल, आधी जरा बसून घे.”

“बसू कुठे? सोफा दारात आहे!”

“सोफा घेतलास? अरेरे! मग तर सांगतोच. तुझी टेक्सासला बदली झाली, लरेडोच्या संघात. तुझ्या बदल्यात त्यांचा थिबोडो येतोय, तो सात फुट्या. उद्या सकाळी तिथं मेडिकल. आज दुपारचं विमान आहे.”

लाव्हेलच्या हातातून सोफा सुटला. त्याचं टोक धाडकन खाली आलं, शरीसचं वर गेलं आणि सोफा दाराच्या चौकटीत असा तिरपा बसला की पुढे जाईना, मागे येईना! अर्धा घरात, अर्धा ओसरीवर. दार उघडं आणि गावाजवळच्या सरोवरावरचा वारा थेट स्वयंपाकघरात.

“कुठे?” शरीसनं एवढंच विचारलं.

“लरेडो.”

शरीस रडली नाही, ओरडली नाही. लाव्हेलला वाटलं, ओरडली असती तर बरं झालं असतं. ती पडद्यांकडे बघत राहिली. मग एकदम म्हणाली, “मेडिकलमध्ये पास झालास तरच बदली पक्की ना?”

“हो. दोघांतला एक जरी नापास झाला तरी सगळं रद्द. ज्या संघाचा खेळाडू त्याला परत.”

“मग नापास हो!”

“अगं, पण...”

“त्यात काय अवघड आहे?” मिस यूला सोफ्याच्या आतल्या अर्ध्या भागावर बसत म्हणाल्या. “शाळेत कसे होत होता? तसंच व्हायचं!”

बायकोच्या आणि सासूच्या आशीर्वादानं लाव्हेल सोफ्यावरून उडी मारून आत गेला, बॅग घेऊन तसाच परत बाहेर आला आणि विमानतळाकडे निघाला. दुसरा रस्ताच नव्हता!

लरेडोत ऊन मी म्हणत होतं. संघाचे डॉक्टर त्रेविन्यो म्हणजे पांढऱ्या मिशांचे, प्रेमळ गृहस्थ. त्यांनी लाव्हेलला टेबलावर बसवलं, गुडघा दाबला आणि विचारलं, “दुखतंय?”

“छे! अजिबात नाही!” लाव्हेल म्हणाला आणि त्यानं जीभ चावली.

सवय हो, सवय! फिरस्त्या खेळाडूचं अर्धं करियर मैदानावर होतं आणि उरलेलं डॉक्टरसमोर खोटं बोलण्यात. मुरगळलेल्या घोट्यावर उभं राहून शीळ घालायची, मोडक्या बोटानं डॉक्टरशी हस्तांदोलन करायचं आणि वर हसायचं! या कलेत लाव्हेल इतका तयार झाला होता की आता नापास व्हायचं ठरवलं तरी अंग ऐकेना.

“म्हणजे दुखतं, डॉक्टर! फार दुखतं! काल रात्रभर डोळ्याला डोळा नाही.”

“कुठला गुडघा?”

“हा. उजवा.”

“मी डावा दाबला होता.”

“तोही दुखतो!”

डॉक्टरांनी त्याला चालायला लावलं. लाव्हेल लंगडत गेला आणि लंगडत आला. फक्त जाताना डावा पाय लंगडत होता आणि येताना उजवा! डॉक्टरांनी मिशीतल्या मिशीत हसून त्याला उडी मारायला सांगितली. भिंतीवर खुणा होत्या. कालच कुणा पोरानं मारलेल्या उडीची खूण सगळ्यांत वर, लाल शाईनं. लाव्हेलनं ठरवलं होतं, बटाट्याच्या पोत्यासारखं अंग जेमतेम उचलायचं. पण ती लाल खूण दिसली आणि घात झाला! खाली आला तेव्हा त्याचा हात त्या खुणेच्या बोटभर वर लागून आला होता.

“वा!” डॉक्टर म्हणाले.

तेवढ्यात शरीसचा फोन. “झालास का नापास?”

“प्रयत्न चालू आहेत!”

“लवकर कर. दाराला तीन गोधड्या लावल्यात तरी गारठा आत येतोय. पोस्टमन बाहेरच्या अर्ध्या सोफ्यावर बसून दम खाऊन गेला. मला म्हणाला, छान आहे, मऊ आहे!”

आता मात्र लाव्हेलनं निर्वाणीचं अस्त्र काढलं. ते म्हणजे सत्य! बारा वर्षं दडवलेलं एकूण एक सत्य तो धडाधडा बोलत सुटला. “डॉक्टर, लिहून घ्या! माझी उंची सहा फूट सहा सांगतात ना? सहा फूट चारच आहे! बाकीचं बुटात असतं. या गुडघ्यात पाणी होतं दरवर्षी. हे बोट मनिलात मोडलं, तसंच बांधून खेळलो. नाकाचं हाड तुर्कस्तानात मोडलं, तेव्हापासून ट्रकसारखा घोरतो! बायकोला वाटतं, घर गरम ठेवणारा हीटर घुरघुरतो. प्रत्येक गावात मी तिला हेच सांगत आलो. तिनं गेल्या महिन्यात नवा हीटर बसवून घेतला, डॉक्टर! सांगा, असला माणूस तुम्हाला कशाला हवा?”

डॉक्टर त्रेविन्योंनी चष्मा काढून पुसला. डोळेही पुसले!

“पोरा, इतकी वर्षं मी या खुर्चीत बसतोय. मोडके हात पाठीमागे लपवून माझ्यापुढे नाचलेत लोक! खरं बोलणारा खेळाडू मी आज पहिल्यांदा बघितला. गुडघे काय, तुझ्या वयाला सगळ्यांचेच तसे असतात. पण असा माणूस आमच्या संघात पाहिजेच. पास!”

झालं! लाव्हेल दवाखान्याच्या अंगणात एका बाकावर जाऊन बसला. कुणी तरी येऊन त्याला नवी जर्सी देऊन गेलं, कुणी तरी पाठ थोपटली. त्याला कशाचंच काही वाटेना. चौदावा संघ, चौदावा रंग. पण त्याच्या डोळ्यांपुढे येत होते ते डुलूथचे पडदे. ते लावताना शरीस गुणगुणत होती. भाड्याच्या घरात ती कधी गुणगुणली नव्हती. त्याला फार वाईट वाटलं, आणि ते तिला फोनवर कसं सांगायचं हे काही केल्या सुचेना.

फोन तिचाच आला.

“लाव्हेल!” ती रडत होती की हसत होती ते कळेना. “लाव्हेल, तो माणूस मोडला!”

“कोण माणूस?”

“थिबोडो!”

झालं होतं ते असं. दोन खेळाडूंची अदलाबदल झाली की त्यांनी घरांचीही अदलाबदल करायची, ही या लीगची रीतच. त्यामुळे आर्सेन थिबोडो विमानतळावरून बॅगांसकट थेट लाव्हेलच्या दारात हजर! लुइझियानाचा गडी, आयुष्यात गोठलेलं पाणी ग्लासाबाहेर पाहिलं नव्हतं. ओसरीवर कुडकुडत त्यानं विचारलं, “बाई, घर बघायला मिळेल का?”

गोधडीआडून मिस यूला म्हणाल्या, “बघ की बाळा! पण आधी हा सोफा आत घे. देवानं एवढी उंची दिलीय ती काय नुसती मिरवायला?”

आईनं वाढवलेलं गुणी पोर ते! “हो बाई” म्हणालं, वाकलं आणि असा हिसका दिला की सोफा एका दमात दिवाणखान्यात! पण त्याच दमात थिबोडोच्या कमरेत कट्‌ असा आवाज झाला आणि सोफ्यापाठोपाठ तोही आत येऊन त्यावर आडवा झाला. डुलूथचे डॉक्टर त्याला तपासायला घरीच आले. म्हणाले, उभा राहा. तो म्हणाला, सोडाच. नापास! बदली रद्द!

“म्हणजे... मी घरी येऊ?” लाव्हेलनं विचारलं.

“आणखी कुठे जाणार आहेस?” शरीस म्हणाली.

लाव्हेलनं एवढी आरोळी ठोकली की डॉक्टर त्रेविन्यो धावत बाहेर आले. त्यानं त्यांना उचलून गरागरा दोनदा फिरवलं! “अरे, गुडघा! गुडघा!” डॉक्टर वरून ओरडत होते.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी लाव्हेल घरी पोचला. दार बंद! बंद दाराकडे बघूनच त्याला भरून आलं. आत ऊब होती, पडदे होते, आणि नव्या सोफ्यावर या टोकापासून त्या टोकापर्यंत थिबोडो पसरला होता. मिस यूला त्याला चमच्यानं सूप भरवत होत्या. आठवडाभर हलायचं नाही, असा डॉक्टरांचा हुकूम होता. तोही खुशीत होता. बरा झाला की परत लरेडोच्या उन्हात!

शरीसनं लाव्हेलला दारातच मिठी मारली. “झालास कसा रे नापास?” तिनं विचारलं. आपण पास झालो होतो, हे सांगायची ती वेळ नव्हती!

पण तेवढ्यात लुंडग्रेन आला. तोंड दाखवायला लाज वाटत होती म्हणून सोबत ब्लूबेरी भरून भाजलेला मोठा गोड ‘पाय’ घेऊन आला होता. “लाव्हेल, झालं गेलं विसर,” तो म्हणाला. “आणि हो, डॉक्टर त्रेविन्योंचा फोन होता मला. असा प्रामाणिक माणूस आम्हाला मिळाला नाही म्हणून हळहळत होते! म्हणाले, आपणहून सगळं सांगितलं त्यानं. उंची, बोट, गुडघे, इतकंच काय, घोरणं आणि तो हीटर...”

लाव्हेलनं त्याला डोळ्यांनी खूप खुणावलं. पण मॅनेजर लोकांना खेळाडूंच्या डोळ्यांतलं कधी दिसलंय?

“कसला हीटर?” शरीसनं विचारलं.

लुंडग्रेननं सगळं सांगितलं. अगदी कौतुकानं सांगितलं! थिबोडोनं सूप गिळायचं थांबवलं.

शरीसनं मिठी सोडली. आत गेली. एक उशी आणि एक गोधडी घेऊन बाहेर आली. लाव्हेलनं आशेनं सोफ्याकडे बघितलं. सोफा सात फूट भरलेला!

“तळघरात,” शरीस म्हणाली. “हीटरशेजारी झोपायचंस. आणि झोपण्याआधी त्याची माफी मागायचीस. बिचाऱ्याच्या भाऊबंदांनी गावोगाव तुझा आळ सोसलाय!”

“आणि जुना? तो चांगला हीटर भंगारात दिला, त्याची कोण मागणार?” मिस यूला म्हणाल्या.

लाव्हेलनं मुकाट्यानं उशी काखेत मारली आणि तो जिना उतरू लागला. तुम्हाला म्हणून सांगतो, उतरताना तो हसत होता. तळघर तर तळघर! या तळघरातून त्याला बायकोखेरीज कुणी हलवणार नव्हतं.