गगनभीमाच्या बायकोची मुलाखत

"बायकोचं काम आमच्या मंडळींनाच देऊन बघा की," हे वाक्य मी चहा पिता पिता सहज बोलून गेलो. बोलताना ते फार समंजस वाटलं होतं. (माझी अंगाशी आलेली सगळी वाक्यं बोलताना समंजसच वाटतात.)

चौऱ्याहत्तर साल होतं. मी प्रवरेकाठच्या एका साखर कारखान्यात काटा क्लार्क होतो. उसाच्या गाड्या काट्यावर चढल्या की वजन टिपायचं, एवढंच काम. माझं स्वतःचं वजन त्या काट्यावर दिसत नसे. फिटर छगन म्हणायचा, भाऊसाहेब काट्यावर उभे राहिले की काटा विचारतो, कोन हाय का वर? पण आवाज मात्र देवानं दुसऱ्या कुणासाठी केलेला चुकून माझ्या गळ्यात घातला होता. त्या आवाजापायीच मी गगनभीम झालो.

गगनभीम ही आमच्या वसाहतीतल्या शाळेच्या आसाराम मास्तरांची निर्मिती. दुष्काळात लोकांची मनं फार उतरली होती, म्हणून मास्तरांनी कल्याण केंद्राच्या लाऊडस्पीकरवरून दर शनिवारी संध्याकाळी एक मालिका सुरू केली. कर्णा पाण्याच्या टाकीवर बांधलेला आणि टाकीखाली शनिवारचा बाजार, त्यामुळे श्रोत्यांना तोटा नव्हता. मालिकेचा नायक दिवसा साधा तलाठी. संकट आलं की आभाळातून उडत यायचा. पहिल्याच भागात त्यानं प्रवरेचा पूर एका हातानं अडवला. (नदीत तेव्हा वाळूशिवाय काही नव्हतं, पण पूर ऐकूनच लोकांना गार वाटायचं.)

गगनभीमाचा आवाज घुमावा म्हणून मी माईक रांजणात सोडून, रांजणाच्या तोंडाशी तोंड नेऊन बोलत असे. छगन अ‍ॅम्प्लिफायर सांभाळायचा, पत्रा हलवून विजा पाडायचा आणि बारीक आवाज काढून सगळ्या बायकांची कामंही करायचा. एका भागात त्यानं सासू, सून आणि वीज अशी तिन्ही कामं एकदम केली होती.

बघता बघता मालिकेचा शंभरावा भाग आला. त्याच सुमारास मास्तर पुण्याला मेव्हण्याकडे जाऊन टेलिव्हिजन नावाची पेटी पाहून आले. त्यात एक साहेब हातात माईक घेऊन एका शेतकऱ्याला अतिशय गंभीर चेहऱ्यानं कांद्याविषयी विचारत होता म्हणे. मास्तर त्या गांभीर्यावरच भाळले. शंभराव्या भागात गोष्ट नको, असं त्यांनी ठरवलं. गगनभीम हा खराखुरा माणूस आहे असं धरायचं, त्याच्या शेजाऱ्यांना, दूधवाल्याला, बायकोला भेटून मुलाखती घ्यायच्या, सगळं धादांत खोटं, पण आवाज माहितीपटाचा. मेव्हण्याचा टेपरेकॉर्डरही ते उचलून घेऊन आले होते. आपल्याकडे पेटी नाही, मी म्हणालो. आपल्याकडे टाकी आहे, मास्तर म्हणाले.

प्रश्न आला बायकोचा. छगनचा आवाज आता दोन कोसांवरूनही ओळखू यायचा. तेव्हा मी ते समंजस वाक्य बोललो.

आमची विजयमाला पाथर्डीकडची. फार बोलत नाही, पण जे बोलते त्याला पुन्हा हात लावायची गरज पडत नाही. मी मनाशी धरलं होतं की ती लाजत लाजत एक-दोन वाक्यं म्हणेल, माझे पती जगाचं रक्षण करतात, मला त्यांचा अभिमान आहे, वगैरे. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण असलं काही तिच्या तोंडून ऐकायचा योग आला नव्हता. मालिकेच्या निमित्तानं का होईना, येत असेल तर येऊ दे.

रविवारी सकाळी मास्तर टेपरेकॉर्डर घेऊन घरी आले. त्यांनी तिला समजावलं की वहिनी, हे खोटं आहे, पण खऱ्यासारखं बोलायचं. तिनं एकच शंका विचारली, "गगनभीम म्हंजे हेच ना?" आणि माझ्याकडे बोट केलं. मास्तर म्हणाले, हो, हेच. तिची शंका फिटली. मग तिनं माझ्या डोक्यावर ज्वारीचा डबा देऊन मला गिरणीत पाठवलं, कारण माझ्यासमोर तिला बोलायचा संकोच वाटत होता.

दळण घेऊन आलो तर मास्तर उपरण्यानं डोळे पुसत होते. काय झालं विचारलं तर म्हणाले, भाऊसाहेब, अप्रतिम, मी एक शब्दही कापणार नाही. मला वाटलं, बिचारी फारच भावपूर्ण बोलली असणार. काय बोललीस म्हणून मी तिला विचारलं, तर ती पीठ चाळत म्हणाली, इचारलं ते सांगितलं.

मग मला चेव आला. ऑफिसात मी सगळ्यांना सांगत सुटलो की शनिवारी आमच्या मंडळींची मुलाखत आहे, विषय मी. सोसायटीच्या सेक्रेटरींना सांगितलं, डॉक्टरांना सांगितलं. आणि एवढ्यावर न थांबता पाथर्डीला निरोप धाडून सासऱ्यांना बोलावून घेतलं.

सासरे कारभारी मामा म्हणजे आडवातिडवा माणूस, बैलाचं शिंग धरून त्याला खाली बसवणारा. लग्न ठरवताना मला पहिल्यांदा पाहिल्यावर त्यांनी मध्यस्थाला विचारलं होतं की पोरगा अजून वाढायचाय का. त्यानंतरही त्यांचं माझ्याविषयी मत फारसं बदललेलं नव्हतं. लेकीच्या तोंडून माझं कौतुक त्यांच्या कानावर पडावं, आणि तेही टाकीवरच्या कर्ण्यातून, ही माझी फार दिवसांची नसली तरी आता मोठी झालेली इच्छा होती.

शनिवारी उन्हं उतरायला बाजार टाकीखाली गोळा झाला. मामांना मी पुढं, गूळवाल्याच्या पोत्यावर बसवलं. शेजारी विजयमाला. मी आत खोलीत रांजणापाशी, कारण मुलाखती संपल्या की शेवटी गगनभीमानं प्रत्यक्ष येऊन जनतेला संदेश द्यायचा होता.

दूधवाल्याची मुलाखत झाली. आपली म्हैस गगनभीमानं विहिरीतून कशी वर काढली ते त्यानं सांगितलं. मग मास्तरांचा गंभीर आवाज आला: "आता आपण गगनभीमांच्या सौभाग्यवतींना भेटू. वहिनी, आपले पती पहिल्यांदा केव्हा उडाले?"

"उडाले न्हाईत," विजयमालाचा आवाज टाकीवरून सगळ्या बाजारावर पसरला. "पडले. छपरावरनं. कवलं शाकारायला चढले आन् खाली माझ्या पापडावर आले."

बाहेर हसू फुटलं. मी म्हटलं, सुरुवात आहे, बावरली असेल. मास्तरांनी अगदी अदबीनं विचारलं की त्यांची अफाट शक्ती कशात साठवलेली आहे. ती म्हणाली, गरम भाकरीत. सकाळची दिली की अंगात राहत नाही. त्यांना दूरचं दिसण्याची सिद्धी आहे म्हणतात, ते खरं का? तिनं सांगितलं की दूरचं दिसत असेल, फडताळातला मिठाचा डबा आजवर दिसलेला नाही.

"आणि त्यांचा सर्वांत मोठा शत्रू?"

टेपवर भांड्याचा आवाज ऐकू आला. मग ती म्हणाली, "गोम."

"गोम म्हणजे कोणी राक्षस?"

"न्हाई, गोमच. निघाली की हे खाटंवर उभे राहत्यात आन् मला हाक मारत्यात. मी चपलीनं मारते. मग हे इचारत्यात, जोडीदारीन कुठं हाय तिची."

बाजार आडवा झाला होता. छगन अ‍ॅम्प्लिफायरवर डोकं टेकून हसत होता. मी रांजण धरून उभा, आणि खिडकीतून मला मामांची पाठ दिसत होती. ती पाठ हलत नव्हती. हसत असती तर बरं, असं मला वाटलं. सेक्रेटरी, डॉक्टर, सगळ्यांना मीच गोळा केलं होतं. एवढा चोख बंदोबस्त माझ्या शत्रूलाही (म्हणजे गोमीला) जमला नसता.

मास्तरांनी शेवटचा प्रश्न विचारला, अशा माणसाबरोबर संसार करायचा म्हणजे भीती वाटत असेल नाही? आणि विजयमालाचा आवाज जरा खाली आला.

"भ्या कशाचं वाटंल. गेल्या दुष्काळात मी टायफाईडनं पडले हुते. आबाला, माझ्या बापाला, कळवलं न्हाई, त्यो जनावरं घिऊन छावनीत हुता. तवा टँकरच्या रांगेत हे उभे राहायचे. सगळ्या बाया, आन् मधी हे एकटे गडी. बाया हसायच्या. ह्यांना घागर उचलायची सवय न्हाई, निम्मं पानी अंगावर सांडायचं, की परत रांगेला जायचे. मी बरी हुस्तोर रोज. एकदा मी म्हन्ले, लोक हसत्यात, नका जाऊ. तर म्हन्ले, हसू दे, तेवढीच त्यांना करमनूक."

पुढं ती म्हणाली, "तुमचा त्यो गगनभीम पूर अडवीत आसंल. आमच्याकडं पूर न्हवता. पानी आनायचं हुतं."

टेप संपली. बाहेर कुणी हसत नव्हतं. ही हकीकत मी कधी कुणाला सांगितली नव्हती. तिला एवढं लक्षात असेल असंही वाटलं नव्हतं. छगननं मला खूण केली, आता तुमी. आणि माझे डोळे भरून आलेले. छगनला ते दिसू नयेत आणि आवाजही जरा सावरावा, म्हणून मी नेहमीसारखं नुसतं तोंड न नेता सगळं डोकंच रांजणात घातलं.

"जनहो," मी म्हणालो. पुढचं वाक्य होतं, मी गगनभीम, तुमच्यासाठी सदैव आकाशात आहे. पण आधी घसा साफ करायला म्हणून डोकं वर घेतलं, तर ते येईना. मला त्या दिवशी एक नवी गोष्ट कळली. डोकं आत जाताना कान मागं दुमडतात. बाहेर येताना ते पुढं येऊन अडतात.

मी ओढलं, फिरवलं, गुडघे टेकून पाहिलं. "छगन, अडकलो," मी म्हणालो. ते कर्ण्यातून सगळ्या बाजारात गेलं. छगनला वाटलं, हे मास्तरांनी आयत्या वेळी घातलेलं नवीन काम आहे. त्यानं पत्रा हलवून वीज पाडली. "अरे, श्वास कोंडतोय," मी म्हणालो. त्यानं आणखी मोठी वीज पाडली. बाहेर टाळ्या सुरू झाल्या. शंभराव्या भागात गगनभीम कुठल्यातरी पाताळात सापडलाय, असं लोकांनी धरलं.

मग मात्र मी धीर सोडला आणि गगनभीमाचा आवाज टाकून घरच्या आवाजात म्हणालो, "विजे, ये गं, मला काढ."

एवढ्या बाजारात तो आवाज खरा आहे हे एकीलाच कळलं. गूळवाल्याच्या पोत्यावरून ती उठली आणि वाटेत तेलवाल्याकडून करडईचं तेल घेऊन खोलीत आली. छगन एव्हाना घाबरून हातोडी शोधत होता. तिनं त्याला सांगितलं, "हातोडी ठेव. आत डोस्कं हाय." माईक मात्र कुणालाच बंद करायचं सुचलं नाही, त्यामुळे पुढचं सगळं बाजारानं ऐकलं. तिनं माझ्या मानेवर तेल ओतलं, बोटं आत घालून एकेक कान चापून धरला आणि लहान पोराला न्हाऊ घालताना बोलतात तसं बोलत राहिली, मान सैल सोडा, धसमुसू नका, मी हाय ना. मी मधूनमधून हूं म्हणत होतो, आणि तेवढं हूं मात्र फार भारदस्त घुमत होतं.

माझं डोकं बाहेर आलं तेव्हा बाजारात जेवढ्या टाळ्या पडल्या, तेवढ्या आधीच्या सगळ्या भागांना मिळून पडल्या नसतील.

घरी जेवायला बसलो तेव्हा मामा ताटाकडे बघत काहीतरी म्हणाले. माझ्या कानांत तेल, मला ऐकू आलं नाही. मी पुन्हा विचारलं. त्यांनी आवाज चढवून विचारलं, टँकर लांब थांबायचा का. मी म्हटलं, नाही, मारुतीच्या पारापाशीच. ते म्हणाले, "तरी बी." आणि स्वतःच्या ताटातला गुळाचा खडा उचलून माझ्या भाकरीवर ठेवला. विजयमाला चुलीकडे तोंड करून भाकरी थापत होती. नको तितका वेळ ती एकच भाकरी थापत राहिली.

रविवारी सकाळी मी ओट्यावर, जरा मान ताठ ठेवून (ती दुखतही होती) बसलो होतो. पलीकडच्या वस्तीवरचा एक शेतकरी धापा टाकत आला आणि विचारू लागला, गगनभीमाचं घर हेच का. मी उठून उभा राहिलो. रांजणाशिवाय जेवढा काढता येईल तेवढा आवाज काढून म्हणालो, "मीच तो. काय संकट आहे?"

त्यानं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "तुमी नगं," तो म्हणाला. "बाईंना बोलवा. शेळीनं दुधाच्या कासंडीत तोंड घातलंय, निघंना."

विजयमालानं तेलाची बाटली घेतली, चप्पल घातली आणि निघाली. चार पावलं जाऊन मागं वळली आणि मला म्हणाली, चला की. माझं काय काम, मी विचारलं.

"शेळी भेली आसंल," ती म्हणाली. "आत कसं वाटतं ते ठाव आसलेलं मानूस जवळ आसलं, की तिला जरा धीर यील."