शिरस्तेदारांचा चंद्र

वाचकांनी प्रथम क्षमा करावी. जन्मभर दुसऱ्यांचे निबंध तपासलेल्या माणसाने उतारवयात स्वतः लिहावयास बसणे हे धाडसच. त्यातून आपला जन्म ज्या धर्मात नाही, त्या धर्मातील गृहस्थाविषयी लिहिणे हे त्याहून मोठे. माझ्या प्रत्येक वाक्यात ‘बहुधा’ येते, अशी विद्यार्थ्यांची तक्रार असे, आणि ती बहुधा खरी असावी. तरीही दस्तगीरसाहेबांविषयी कोणीतरी लिहिले पाहिजे, आणि दुसरे कोणी लिहील असे दिसत नाही.

सोलापुरात नव्या पेठेमागच्या गल्लीत ते आमचे शेजारी होते. दिवाणी कोर्टात शिरस्तेदार. साक्षीदारांना शपथ देण्यात हयात गेलेली. ताठ कणा, पांढरी दाढी, काळी शेरवानी. असा भारदस्त माणूस वर्षातून एकदा, रमजान संपताना, दोन्ही डोळे गच्च मिटून, भिंत चाचपीत माळवदाचा जिना उतरताना आमची सारी गल्ली पाहत असे. ईदचा चंद्र दिसला रे दिसला, की ते डोळे मिटीत आणि तसेच घरात जात. एकदा वाटेत शेळी आडवी आली. शेळी ओरडली, साहेबांनी तिची अदबीने माफी मागितली, पण डोळे काही उघडले नाहीत.

मी एकदा भीत भीत कारण विचारले.

“मास्तर,” ते म्हणाले, “हा पुरावा अजून दाखल झालेला नाही.”

त्यांचे सारे बोलणे असे कोर्टाच्या भाषेत चाले. पाऊस लांबला तर तो ‘तहकूब’ असे. भाजीवालीने वांगी ताजी आहेत म्हटले, की “पुरावा काय?”

पण सर्वांत मोठा वाद चंद्राचा. मुसलमानांचा महिना चंद्र डोळ्यांनी पाहिल्यावर पालटतो. संध्याकाळी चंद्र दिसला तर दुसऱ्या दिवशी ईद. न दिसला तर आणखी एक रोजा. सरकारने मात्र ईदची सुट्टी वर्षारंभीच छापून टाकलेली. एका वर्षी छापील ईदच्या दिवशी, चंद्र न दिसल्यामुळे, साहेब पूर्ण पोशाखात जाऊन कुलूपबंद कोर्टाच्या पायरीवर बसले. मुन्सफसाहेब फिरावयास निघाले होते, ते थबकले.

“शिरस्तेदार, आज तुमचीच सुट्टी ना?”

“सुट्टी सरकारची आहे, साहेब. ईद अजून यायची आहे.”

दुसऱ्या दिवशी कोर्ट उघडले, तेव्हा ते रजेचा अर्ज देऊन नमाजाला गेलेले. मुन्सफसाहेबांचा जो गोंधळ झाला, तोच आमच्या घरीही दरवर्षी होई. आमचे घराणे लिंगायत. घरी त्यांच्याकडचे शिजवलेले चालत नसे, म्हणून साहेब शेवया, खारीक, चारोळी, साखर असे सारे कोरडे सामान ईदला धाडीत. माझी पत्नी अक्कलकोटकडची. ती दूध आटवायला ठेवण्यापूर्वी भिंतीआडून ओरडे, “अय्य, शिरस्तेदारसाहेब, ईद आज की उद्या?”

“निकाल राखून ठेवलाय, वहिनी!”

नळदुर्ग आमच्यापासून फार दूर नाही, पण ते निजामाच्या हद्दीत. तिकडे चंद्र दिसला आणि इकडे दिसला नाही, असेही घडे. एकदा तिकडचा एक शेतकरी बातमी घेऊन मशिदीत आला. साहेब उभेच राहिले.

“चंद्र तू स्वतः पाहिलास?”

“व्हय की. लई लोकांनी बघितला.”

“लोकांचं राहू दे. टोकं कुणीकडं होती?”

“आता टोकं कोण बघतंय, साहेब? समदे वर बघत हुते, म्हनून मीबी बघितलं.”

“साक्षीदार पिंजऱ्यातून खाली जाऊ शकतो,” साहेब म्हणाले. मशीद हसली, तो शेतकरीही हसला.

मी एकदा म्हणालो, “साहेब, एका दिवसाने असे काय बिघडते?”

ते हसले नाहीत. “मास्तर, आमची बादशाही गेली. काझी होता, आता तो लग्नं लावण्यापुरता. ईदची तोफ व्हायची म्हणे, ती गेली. कायदा सरकारचा, घड्याळ सरकारचं, मी स्वतः सरकारचा. एक चंद्र तेवढा माझ्या डोळ्यांनी माझा आहे. तोही छापून घेऊ?”

 

पुढे त्यांच्या बीबी तापाने गेल्या. त्या पडद्यात असत; मला त्यांच्या बांगड्यांचा आवाज तेवढा ठाऊक. मूलबाळ नव्हते. साहेब निवृत्त झाले. तरीही दर ईदला ते डोळे मिटून जिना उतरतच राहिले. गल्लीतले लोक हसावयाचे मात्र थांबले.

आणि मग त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला.

त्या वर्षी एकोणतिसाव्या रोजाच्या संध्याकाळी आकाश ढगाळ, त्यात गिरण्यांचा धूर. मशिदीच्या गच्चीवरून कोणालाच काही दिसले नव्हते. मला माळवदावरून हाक आली.

“मास्तर, वर या.”

“मी?”

“मग कोण? माझे डोळे फितूर झालेत.”

मी वर गेलो. खजुराने रोजा सोडून ते उभे होते. त्यांनी मला खांद्याला धरून पश्चिमेकडे वळवले.

“देवाला स्मरून खरं सांगेन, म्हणा.”

मी म्हटले. बराच वेळ धूर पाहत राहिलो. मग चिंचेच्या शेंड्यावर ढग किंचित फाटला आणि आत नखाएवढी रेघ उजळली.

“दिसला?”

“बहुधा.”

“बहुधा साक्षीत चालत नाही. दिसला, की नाही दिसला?”

“दिसला,” मी म्हणालो. इतके लहान वाक्य मी आयुष्यात क्वचितच बोललो असेन.

“टोकं?”

“वर. होडीसारखा आहे.”

त्यांनी दीर्घ श्वास घेतला. तोवर ढग मिटला होता. “आता डोळे मिटा.”

“का बरे?”

“मिटा म्हणतो ना! चंद्र पाहिल्यावर पहिली नजर आपल्या माणसाच्या तोंडावर पडावी. बीबीनं लावलेली सवय. चला.”

त्यांनी माझा हात धरला आणि आम्ही जिना उतरू लागलो. मी डोळे मिटलेला, आणि वाट दाखवणाऱ्याला दिसत नाही. “पायरी आहे,” ते म्हणत, तेथे ती नसे. “झाल्या पायऱ्या,” म्हणाले, तेव्हा आणखी एक होती. कसेबसे आमच्या दाराशी पोहोचलो.

“वहिनी, जरा बाहेर या. मास्तरांना तुमचं तोंड बघायचंय.”

“अय्य! काय झालं ह्यांना?”

मी डोळे उघडले. कपाळावर विभूती, गालावर जोंधळ्याचे पीठ, आणि चेहऱ्यावर भीती. लग्नानंतर परक्या माणसासमोर मी तिच्याकडे असे कधी पाहिले नव्हते. तिला हसू आले आणि ती आत पळाली. साहेब भिंतीकडे तोंड करून उभे होते.

मी हळूच विचारले, “बीबीसाहेबा गेल्यानंतर आपण डोळे कोणापुढे उघडीत होता?”

“उघडत नव्हतो,” ते म्हणाले. “घरात जाऊन तसाच बसायचो. सकाळच्या बांगेपर्यंत.” मग भिंतीकडून वळून म्हणाले, “दाखल झाला पुरावा.”

दुसऱ्या दिवशी गावात रोजाच होता. मशिदीने माझ्यासारख्या लिंगायताच्या साक्षीवर ईद केली नसती, हे उघडच होते. साहेबांनी ती तेथे मांडलीच नाही. “तुम्हाला कुणी नाही म्हटलेलं मला ऐकवलं नसतं,” असे ते नंतर म्हणाले. सकाळीच ते भिंत चाचपीत आमच्या दारी आले. हातात थाळी: शेवया, खारीक, चारोळी, साखर. थाळी ठेवून त्यांनी मला कवटाळले.

“ईद मुबारक, मास्तर.”

“मग आज ईद आहे?” आतून पत्नीने विचारले.

“मास्तरांची आहे, वहिनी. ज्यानं चंद्र पाहिला, ईद त्याची. मला दिसला नाही. माझा रोजा आहे.”

मी गोंधळून म्हणालो, “पण साहेब, छापील सुट्टीही आजचीच आहे. म्हणजे सरकार बरोबरच ठरले.”

“सरकारनं न बघता सांगितलं. तुम्ही बघून सांगितलंत.”

ते ओट्यावर बसून राहिले. आत दूध उकळत होते, वास बाहेर येत होता. त्यांनी थेंबही घेतला नाही. मी वाटी संपवली की नाही, एवढे मात्र दोनदा विचारले. त्या दिवशी तीस रोजे भरून महिना आपोआप पुरा झाला, चंद्राची गरज उरली नाही, आणि दुसऱ्या दिवशी ते सर्वांबरोबर नमाजाला गेले.

साहेबांना जाऊन आता बरीच वर्षे झाली. मी माझ्या परीने सारे खरे सांगितले आहे. एवढेच आपणास विचारतो: त्या दिवशी सोलापुरात ईद होती, की नव्हती?