हमीदचाचांचा ड्रायव्हर

रोज संध्याकाळी दुकान बंद करताना हमीदचाचा कॉम्प्युटरमधला चांगला चालणारा ड्रायव्हर काढून टाकत आणि सकाळी पुन्हा बसवत.

अकोल्याच्या जुन्या शहरात त्यांचं ऑनलाइन अर्ज भरायचं दुकान होतं. इंटरनेट यायचं ते फुटक्या काचेच्या एका मोबाइलवरून, यूएसबी केबल लावून. फोनवरचं नेट कॉम्प्युटरला घेता यावं म्हणून लागणारा छोटा प्रोग्राम म्हणजे हा ड्रायव्हर.

सकाळी ड्रायव्हर नसताना केबल लावली की फोनमधल्या फोटोंची खिडकी पडद्यावर आपोआप उघडे. नेट मात्र येत नसे. चाचा हाताची घडी घालून दहा मिनिटं बघत बसत, मग ड्रायव्हर बसवत. कुणी कुरकुरलं की उत्तर ठरलेलं, "दमानं घ्या! फोन अन् कॉम्प्युटरची नवी सोयरीक हाये. ओळख तं होऊ द्या."

"रोज कायची नवी सोयरीक, चाचा? आतापावतो लेकरं झाली असती!" रांगेतल्या पार्वताबाई म्हणायच्या. सगळे हसत. मी नाही.

मी तेव्हा पत्रकं लिहून गावोगाव वाटत होतो. शेतकऱ्याचा खोळंबा करणारा तो शत्रू, एवढं माझं सोपं गणित. पीकविम्याच्या अर्जाचा शेवटचा दिवस होता. गावची माणसं मीच आणली होती. रांग पार रस्त्यावर गेलेली, आणि चाचा पडद्याकडे बघत बसलेले.

"सरकार छळतेच, तुमी काहून छळून राहिले लोकायले?" मी ओरडलो.

"घे मंग पुढारी, तूच कर," म्हणत ते उठले आणि चहाला गेले.

मी ड्रायव्हर बसवला. फोनची सेटिंगही बदलली, केबल लावताच थेट नेट सुरू होईल अशी. संध्याकाळपर्यंत सगळ्यांचे अर्ज गेले. पार्वताबाईंनी माझ्यावरून हात ओवाळून कानशिलावर बोटं मोडली. मी फुगलो.

त्या गर्दीत संध्याकाळी ड्रायव्हर काढायचा राहून गेला. दुसऱ्या दिवशी चाचांनी केबल लावली. नेट लगेच आलं. खिडकी उघडली नाही.

"सायरा नाही दिसली आज," ते म्हणाले.

सायरा त्यांची बायको. वारली होती. फोन तिचाच होता. त्याच्या फुटक्या काचेत चेहरे ओळखू येत नसत, कॉम्प्युटरच्या पडद्यावर येत.

"पहिल्यासारखं करून देतो, चाचा. नाहीतर हे पाहा, इथून केव्हाबी उघडता येतात फोटो."

"मुद्दाम उघडाची हिंमत होत नाही, बेटा. आपोआप दिसे, तं बरं वाटे." त्यांनी माऊस माझ्या हातून काढून घेतला. "राहू दे. लोक उभे राह्यतात."

नेट चालू होतं. तरी ते हाताची घडी घालून पडद्याकडे बघत बसले. रांगेत कुणीतरी खाकरलं.

मी वळून म्हणालो, "दमानं घ्या."